नारायण कांबळेच्या आधीचे वीरा साथीदार

वर्धा म्हटले की देशाला सेवाग्रामचा आश्रम आठवतो. पण याच वर्धा जिल्ह्यातल्या परसोडी गावाने आंबेडकरी चळवळीला एक लढवय्या कार्यकर्ता दिला, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहे? त्यांचे नाव वीरा साथीदार.

आईवडील मजुरी करणारे. घरात पैसा नव्हता, पण बाबासाहेबांचा विचार होता. वीरा नागपूरच्या जोगीनगर झोपडपट्टीत वाढले. सूतगिरणीत कामाला लागले आणि तिथेच कामगारांना संघटित करू लागले. पुढे लेखणी हाती घेतली. कविता, लेख, गाणी, पथनाट्ये हीच त्यांची हत्यारे. 'विद्रोही' या नियतकालिकाचे ते संपादक झाले. इप्टाच्या सांस्कृतिक चळवळीतही वावरले. जातीअंतासाठी आंबेडकरी आणि डाव्या शक्तींनी एकत्र यावे, अशी त्यांची भूमिका होती. निळ्या आणि लाल झेंड्याचा वाद आपल्याकडे जुना आहे. ही भूमिका सर्वांना पटणारी नव्हती, तरी त्यांनी ती सोडली नाही.

आणि मग आला 'कोर्ट'. चैतन्य ताम्हाणे यांच्या या चित्रपटात वीरांनी लोकशाहीर नारायण कांबळे उभा केला. शाहिराच्या गाण्यामुळे गटारात उतरणाऱ्या कामगाराने आत्महत्या केली, असा आरोप ठेवून पोलीस त्याला पकडतात. कामगार विषारी वायूने मरतो, पण खटला गाण्यावर चालतो! गाणी होती संभाजी भगत यांची. २०१४ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात चित्रपट गौरवला गेला. पाठोपाठ त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि २०१५ मध्ये भारताने तो ऑस्करसाठी पाठवला.

जगाने टाळ्या वाजवल्या त्या अभिनयाला. आम्ही मात्र म्हणू, वीरांना अभिनय करावा लागलाच कुठे? वस्तीतली सभा, डफाची थाप, पोलिसांची नजर, कोर्टाची तारीख, हे सारे चळवळीतल्या माणसाच्या रोजच्या जगण्यातलेच.

१३ एप्रिल २०२१ रोजी, भीमजयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने नागपुरात त्यांना हिरावून नेले. त्यालाही आता वर्षे लोटली. हाताने मैला साफ करण्याला बंदी घालणारा कायदा २०१३ चा. पण गटारातले मृत्यू थांबलेले नाहीत. नारायण कांबळेचे गाणे म्हणूनच जुने होत नाही.

प्रश्न आपल्यालाच आहे. व्हेनिसने दखल घेतली म्हणून आपण वीरांना ओळखले. त्याआधी कितीतरी वर्षे ते आपल्याच वस्तीत लिहीत, गात होते. चित्रपट जपणारे जपतील. 'विद्रोही'चे अंक कोण जपणार? ज्यांच्या कपाटात ते असतील, त्यांनी ते रद्दीत जाऊ देऊ नयेत. आपल्या बुद्धविहाराच्या वाचनालयात आणून द्यावेत. प्रस्थापित आपला इतिहास लिहीत नाहीत, ही तक्रार आपण रोज करतो. मग आपण तरी तो सांभाळू या. वीरांना खरे अभिवादन तेच. जयभीम!