मातीचे गाडगे, दगडाचा घाट

मराठीच्या तासाला संतवाङ्मय शिकताना नश्वर हा शब्द इतक्या वेळा येतो की तो ऐकून कान बोथट होतात. देह नश्वर, संसार नश्वर, धनही नश्वर. वहीत हे उतरवून घेताना माझ्या मनात नेहमी एक शंका डोकावते. सारेच जाणारे असेल तर माझ्या आईवडिलांनी कापूस वेचून, मजुरी करून मला वणीला शिकायला का पाठवावे? आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढणारी मी पहिलीच. या शंकेचे उत्तर मला एका निरक्षर वऱ्हाडी माणसाच्या चरित्रात सापडले. त्यांचेच नाव आज आपल्या विद्यापीठाला आहे.

संत गाडगेबाबांचे मूळ नाव डेबूजी झिंगराजी जानोरकर. जन्म २३ फेब्रुवारी १८७६ चा, अमरावती जिल्ह्यातील शेंडगावी, परीट कुटुंबातला. वडील दारूपायी अकाली गेले. आई सखुबाई पोराला घेऊन दापुऱ्याला माहेरी आली. डेबू मामाची गुरे राखू लागला, पुढे उत्तम शेतकरी झाला. पण मामाची जमीन सावकाराच्या कागदांत अडकली. अक्षर न येणाऱ्याचे काय होते, हे बाबांनी असे घरातच पाहिले. पुढे शाळेसाठी त्यांचा जीव का तुटे, ते यावरून उमगते.

तरुणपणीच त्यांनी रूढीशी भांडण मांडले. मुलीच्या बारशाला दारू-मटणाचे जेवण घालण्याची जातीतली रीत मोडून त्यांनी गोडाचे जेवण दिले. आणि १ फेब्रुवारी १९०५ रोजी आई, पत्नी कुंताबाई व लेकरे यांना मागे ठेवून ते घराबाहेर पडले. येथे मी थोडी अडखळते. बाबांच्या वैराग्याची चर्चा सगळे करतात. त्या वैराग्याचा अर्धा भार उचलणाऱ्या कुंताबाईंवर मात्र चरित्रकार दोन-चार ओळींतच उरकतात. मला वाटते, त्यांच्यावर एक स्वतंत्र चरित्र लिहिले गेले पाहिजे.

अंगावर चिंध्या, एका कानात कवडी, दुसऱ्यात फुटक्या बांगडीचा तुकडा, हातात खराटा आणि गाडगे. ते गाडगेच त्यांचे ताट, तेच पाण्याचे भांडे. कोणत्याही गावात गेले की प्रथम झाडायला लागत. लोकांना वाटे, कोणी वेडा आला. संध्याकाळी तोच वेडा कीर्तनाला उभा राही. श्रोत्यांना वऱ्हाडी बोलीत एकामागून एक प्रश्न विचारी, आणि त्यांच्याच तोंडून त्यांच्या अंधश्रद्धांची फजिती करवून घेई. कीर्तन आटोपले की पाया पडू पाहणाऱ्यांना चुकवून तो पुढच्या गावाची वाट धरी. झाडलेले अंगण दुसऱ्या दिवशी पुन्हा मळते, हे त्यांना का ठाऊक नव्हते? ठाऊक होते, म्हणूनच रोज झाडायचे.

१९२३ साली कोकणात खारेपाटण येथे कीर्तन रंगात असताना एकुलता मुलगा गोविंदा गेल्याची वार्ता त्यांच्या हाती आली. कीर्तन थांबले नाही. हा प्रसंग ऐकताना आमच्या गावातली म्हातारी माणसे डोळे पुसतात. मला मात्र त्याची थोडी भीती वाटते. इतके कोरडे होता येते का? पण तो माणूस कोरडा नव्हताच. कुष्ठरोग्यांना स्वतःच्या हाताने न्हाऊ घालणारा माणूस कोरडा कसा असेल? मेलेल्यासाठी जे करता येत नाही त्यात जीव न अडकवता, जिवंतांसाठी जे करता येते ते त्यांनी केले, एवढेच.

मेलेल्याच्या नावाने कर्ज काढू नका, हा त्यांच्या कीर्तनातला नेहमीचा मुद्दा होता. आमच्या घरी आजोबांच्या तेरवीचे जेवण उसन्या पैशावर झाले. ते फेडायला तीन हंगाम गेले आणि माझ्या मोठ्या बहिणीची शाळा नववीतच सुटली. म्हणून बाबांचे हे सांगणे मला उपदेशासारखे लागत नाही. आमच्या घरचा हिशेबच कोणी मोठ्याने वाचतो आहे असे वाटते.

आता दुसरी बाजू पाहा. स्वतःसाठी फुटके गाडगे पुरे मानणाऱ्या या माणसाने लोकांसाठी जे बांधले ते पक्के. ऋणमोचनला पूर्णेच्या काठी घाट बांधला. नाशिक, आळंदी, देहू, पंढरपूर येथे धर्मशाळा उभारल्या. मुंबईत रुग्णांच्या नातेवाईकांसाठी निवारा केला. शिवाय शाळा, वसतिगृहे, सदावर्ते. देणग्या हजारोंनी येत, पण त्यातला पैसा घरी गेला नाही. या मालमत्तेवर त्यांनी आपल्या नातलगांचा हक्क ठेवला नाही. १९५२ मध्ये मिशन स्थापून सारा कारभार विश्वस्तांकडे सोपवला. पंढरपूरची चोखामेळा धर्मशाळा तर त्यांनी १९४९ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीला देऊन टाकली. अनित्याचा हा अर्थ मला पटतो: माझे म्हणून काही धरायचे नाही, पण पुढच्याची सोय मात्र दगडात करून ठेवायची. आमच्या टिपणवहीतल्या नश्वर शब्दात ही दुसरी बाजू कुठेच येत नाही.

६ डिसेंबर १९५६ ला बाबासाहेब गेले. त्यानंतर चौदाच दिवसांनी, २० डिसेंबरला, गाडगेबाबाही गेले. घरात नव्हे, मठातही नव्हे. अमरावतीकडे येताना वलगावजवळ, पेढी नदीच्या पुलापाशी, मोटारीतच. जिथे मरण येईल तिथेच माती द्यावी, समाधी नको, पुतळा नको, अशी त्यांची इच्छा असे. लोकांना ते मानवले नाही. अमरावतीला गाडगेनगरात त्यांचे समाधिमंदिर झाले, गावोगावी पुतळे बसले. १९८३ मध्ये स्थापन झालेल्या अमरावती विद्यापीठालाही पुढे त्यांचेच नाव देण्यात आले. पुतळ्यांबद्दल बाबा नक्कीच रागावले असते. विद्यापीठाच्या नावाबद्दल काय म्हणाले असते, याचा आम्ही मैत्रिणी कधीकधी वाद घालतो. माझे मत असे की आधी आवार झाडून घेतले असते आणि मग, किती पोरी शिकतात, हे विचारले असते.