उरुसेव्हस्कीचा कॅमेरा

चित्रपटाची कीर्ती दिग्दर्शकाला, लोकप्रियता नटनटींना आणि छायालेखकाला फार तर श्रेयनामावलीतील एक ओळ, अशी वाटणी जगभर रूढ आहे. सर्गेई उरुसेव्हस्की या रशियन छायालेखकाची कारकीर्द पाहिली म्हणजे ही वाटणी किती अन्यायाची आहे, हे ध्यानात येते.

१९०८ साली सेंट पीटर्सबर्ग येथे जन्मलेल्या उरुसेव्हस्कीचे शिक्षण चित्रकलेचे. नामवंत काष्ठमुद्राकार फावोर्स्की हे त्याचे गुरू. महायुद्धात त्याने आघाडीवर चित्रण केले. रणांगणावर तिपाई मांडावयास उसंत नसते. त्याच्या पुढील शैलीचे मूळ तेथेच शोधावे, असे मला वाटते. मात्र ते लगेच दिसले नाही. स्टालिनच्या अमदानीत सुबक, स्थिर चौकटींनाच मान होता. तशा चौकटीही तो उत्तम रचीत असे. त्याला दोनदा स्टालिन पारितोषिक मिळाले.

स्टालिनच्या मृत्यूनंतर वातावरण सैलावले. चुखराईच्या ‘एकेचाळिसावा’ (१९५६) मध्ये वाळवंट आणि समुद्र यांना त्याने जणू पात्रांचा दर्जा दिला. पुढच्याच वर्षी कालातोझोव्हचा ‘उडती क्रौंच पाखरे’ आला. प्रियकराला निरोप देण्यास निघालेली व्हेरोनिका बसमधून उतरून गर्दीत शिरते, रणगाड्यांमधून वाट काढते. कॅमेरा तिच्या बरोबरीने धावतो आणि मग अलगद उंचावतो. गोळी लागलेल्या बोरिसच्या डोळ्यांपुढे बर्च वृक्षांचे शेंडे गरगरतात. कॅमेरा येथे साक्षीदार राहिलेला नाही, तो दुःखात सहभागी झाला आहे. १९५८ मध्ये कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक या चित्रपटाला मिळाले.

परंतु स्वातंत्र्याची चटक वाईट. सैबेरियात हिरे शोधणाऱ्या भूगर्भशास्त्रज्ञांवरील ‘न पाठविलेले पत्र’ या चित्रपटात वणवा, धूर आणि हिम यांचे चित्रण विलक्षण आहे. माणसे मात्र त्यात हरवून जातात. येथे छायालेखक कथेच्या पुढे धावला, हा आक्षेप मला मान्य आहे.

त्यानंतर आला ‘मी क्यूबा’ (१९६४). क्रांतीच्या गौरवासाठी सोव्हिएत आणि क्यूबन सरकारांनी संयुक्तपणे काढलेला हा चित्रपट. अवरक्त किरणांना संवेदनशील असलेल्या फिल्मवर माड व ऊस पांढरेशुभ्र उमटले, आकाश काळवंडले. एका विद्यार्थ्याच्या अंत्ययात्रेत कॅमेरा रस्त्यावरून इमारतीच्या कडेने वर चढतो, सिगार वळणाऱ्या कामगारांच्या दालनातून जातो आणि खिडकीबाहेर पडून जनसमुदायावर तरंगत राहतो. तेही मध्ये कोठे न तोडता! तारा, कप्प्या आणि हातोहात कॅमेरा पुढे देणारी माणसे यांची ही करामत. एवढे करून चित्रपट ना हवानाला रुचला, ना मॉस्कोला. प्रचारासाठी केलेला खर्च प्रचाराच्या दृष्टीने वाया गेला, असेच कोणताही हिशेबनीस म्हणाला असता. अर्थशास्त्राच्या अध्यापकालाही त्या वर्षीच्या ताळेबंदात दुसरे काही दिसले नसते.

पुढे उरुसेव्हस्कीने स्वतः दोन चित्रपट दिग्दर्शित केले. एक ऐत्मातोव्हच्या कथेवर, दुसरा कवी येसेनिनवर. त्यांचा फारसा बोलबाला झाला नाही. १९७३ मध्ये कालातोझोव्ह गेला, १९७४ मध्ये उरुसेव्हस्की. ‘मी क्यूबा’ विस्मृतीतून बाहेर निघाला तो १९९० नंतर, सोव्हिएत संघराज्य लयाला गेल्यावर. १९९५ मध्ये स्कोर्सेसी आणि कपोला या दिग्दर्शकांनी पुरस्कार करून तो प्रदर्शित करविला, आणि तोही अमेरिकेत, ज्या देशाच्या विरोधात तो काढला होता तेथेच.