रिचर्ड डॉईल : एक मानी चित्रकार
शेरलॉक होम्सचा जनक आर्थर कॉनन डॉईल याचे चरित्र चाळताना मला त्याचा चुलता भेटला, आणि मी त्याच्यातच रमलो.

रिचर्ड डॉईल १८२४ साली लंडनमध्ये जन्मला. वडील जॉन डॉईल नामांकित राजकीय व्यंगचित्रकार. जेम्स, हेन्री व चार्ल्स हे भाऊही चित्रकार. रिचर्डचे शिक्षण घरीच, वडिलांच्या हाताखाली झाले. १८४३ मध्ये, ऐन तारुण्यात, त्याला ‘पंच’ या विनोदी साप्ताहिकात काम मिळाले. १८४९ साली त्याने रेखाटलेले मुखपृष्ठ थोड्याफार फरकाने १९५६ पर्यंत टिकले.

पण १८५० मध्ये ‘पंच’ने पोप व कॅथलिक पंथावर टीकेची झोड उठविली. रिचर्ड श्रद्धाळू कॅथलिक. त्याने नाव व पैसा देणारे ते काम सोडून दिले. पुढे थॅकरेच्या ‘द न्यूकम्स’ या कादंबरीची चित्रे त्याने काढली. १८७० च्या ‘इन फेअरीलँड’मध्ये त्याची परीसृष्टी रंगांत अवतरली. १८८३ साली तो वारला.

ज्या पत्राशी त्याने संबंध तोडला, ते पत्र मात्र त्याच्या मृत्यूनंतरही सत्तर वर्षे त्याचेच चित्र मिरवीत राहिले. नोकरीच्या विवंचनेत असलेल्या आम्हां विद्यार्थ्यांना हा राजीनामा विचार करायला लावतो.