चंद्राच्या वाटेवरची वीज : टॉम बेकन

अपोलो ११ म्हटलं की आर्मस्ट्राँग आणि आल्ड्रिन ही नावं घरातल्या शाळकरी मुलांनाही ठाऊक असतात. जरा जाणकार असेल तर वर एकटाच फेऱ्या मारत राहिलेला कॉलिन्सही आठवतो. पण चंद्रावर जाऊन परत येईपर्यंतचे आठ दिवस त्या यानातले दिवे, रेडिओ, संगणक कशावर चालले? यानाला सोलर पॅनेल नव्हती. एवढे दिवस पुरेल इतकी वीज नुसत्या बॅटऱ्यांत भरून न्यायची, तर वजन परवडलं नसतं. ती वीज आली फ्युएल सेलमधून. आणि हा फ्युएल सेल प्रयोगशाळेतल्या खेळण्यापासून खऱ्या कामाला लावण्यात एका इंग्रज इंजिनीअरच्या आयुष्याची २७ वर्षं गेली. त्याचं नाव फ्रान्सिस थॉमस बेकन, पण सगळे त्याला टॉम म्हणत.

टॉमचा जन्म २१ डिसेंबर १९०४ चा, एसेक्समधल्या बिलरिकीजवळच्या रॅम्सडन हॉल या घरातला. घराणं जुनं आणि जमीनजुमला असलेलं. पहिल्या एलिझाबेथ राणीचा मंत्री निकोलस बेकन हा त्यांचा मूळ पुरुष. प्रसिद्ध तत्त्ववेत्ता फ्रान्सिस बेकन हा त्याचाच मुलगा. टॉमचं शिक्षण ईटनला आणि मग केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजात झालं. १९२५ मध्ये तो मेकॅनिकल सायन्सेसची पदवी घेऊन बाहेर पडला, थर्ड क्लासमध्ये! ज्यांच्या घरी यंदा ए-लेव्हल आहे त्यांनी हे वाक्य मुलांना वाचून दाखवायचं की नाही, हे ज्याचं त्याने ठरवावं.

पदवीनंतर न्यूकॅसलच्या सी. ए. पार्सन्स कंपनीत तो शिकाऊ म्हणून लागला. स्टीम टर्बाइनचा जनक सर चार्ल्स पार्सन्स याचीच ही कंपनी. टॉमने तिथे १५ वर्षं नोकरी केली. पुढे सर्चलाइटचे आरसे बनवणारा विभाग त्याच्याकडे होता. चांगली, स्थिर नोकरी. १९३४ मध्ये बार्बरा पॅपिलॉनशी लग्नही झालं.

पण त्याआधी, १९३२ मध्ये, एंजिनिअरिंग या नियतकालिकातले एक-दोन लेख त्याच्या वाचनात आले होते. रात्री विजेची मागणी कमी असते, तेव्हा उरलेल्या विजेने पाण्याचं विघटन करून हायड्रोजन साठवायचा आणि तो नंतर इंजिनात जाळायचा, अशी ती कल्पना होती. टॉमच्या मनात आलं, जाळायचा कशाला? विजेने पाण्याचे दोन वायू होतात, तर त्याच दोन वायूंचं पुन्हा पाणी करून सरळ वीजच का काढू नये?

इथे थोडं शास्त्र सांगायला हवं. (आम्ही इंजिनीअरिंगला असताना फ्युएल सेल म्हणजे परीक्षेतली चार मार्कांची टीप होती. चार मार्क मिळवले आणि विसरलो!) कोळसा किंवा वायू जाळून वीज करायची तर आधी उष्णता, मग वाफ, मग फिरणारं चाक आणि शेवटी वीज असा लांबचा प्रवास असतो. उष्णतेवर चालणाऱ्या कुठल्याही यंत्राला कार्यक्षमतेची एक मर्यादा असते, ती कितीही हुशार इंजिनीअर आला तरी ओलांडता येत नाही. फ्युएल सेल हा प्रवासच टाळतो. एका इलेक्ट्रोडवर हायड्रोजन इलेक्ट्रॉन सोडतो, ते तारेतून फिरून दुसऱ्या इलेक्ट्रोडवर ऑक्सिजनला मिळतात, आणि वाटेत आपला दिवा लावून जातात. मागे उरतं ते पाणी. साध्या बॅटरीतला माल संपतो, इथे मात्र वायू पुरवत राहिलात तर वीज येत राहते. हे तत्त्व नवं नव्हतं. वेल्समधल्या विल्यम ग्रोव्ह या वकिलाने (पुढे तो न्यायाधीश झाला) १८३९ मध्येच ते दाखवून दिलं होतं. पण त्यात प्लॅटिनम लागे आणि वीज मिळे ती अगदी किरकोळ. शंभर वर्षं ती कल्पना तशीच पडून होती.

१९३७ मध्ये टॉमने आपल्या संचालकांपुढे प्रस्ताव मांडला. तो नाकारला गेला. मग गड्याने स्वतःच प्रयोग सुरू केले. पुढे तर कारखान्याच्या आवारात, कुणाला न सांगता, भारी दाबाखाली हायड्रोजन आणि ऑक्सिजन! वरिष्ठांना पत्ता लागल्यावर त्यांनी सांगितलं, एकतर हे बंद कर, नाहीतर नोकरी सोड. १९४० मध्ये त्याने नोकरी सोडली.

अशा गोष्टी सांगताना कंपनीवाल्यांना खलनायक करायची आपल्याकडे पद्धत आहे. आम्हाला ते पटत नाही. टर्बाइन विकणाऱ्या कंपनीने टर्बाइनच नको म्हणणाऱ्या यंत्रावर पैसा का घालावा? आणि आपल्या छपराखाली कुणी चोरून हायड्रोजन हाताळत असेल तर कुठलाही मॅनेजर हेच करेल. दुसरी गोष्टही सांगायला हवी. टॉमच्या मागे घरची मिळकत होती. ईएमआय आणि व्हिसा यांच्या कात्रीत अडकलेल्या माणसाला भर युद्धात असा राजीनामा देता आला असता का, याची आम्हाला शंकाच आहे. पण मिळकत असणारे पुष्कळ होते, आणि त्यांतल्या बहुतेकांनी ती अशा कामी लावली नाही, हेही तितकंच खरं.

या वेळी त्याला हात दिला तो चार्ल्स मर्झने. इंग्लंडच्या वीजपुरवठ्याची घडी बसवणाऱ्यांत या सल्लागार इंजिनीअरचं नाव मोठं होतं. लंडनच्या किंग्ज कॉलेजात इलेक्ट्रोकेमिस्ट्रीचे जाणकार प्राध्यापक ऑलमंड यांच्याकडे टॉमची सोय झाली. पण त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये लंडनवर बॉम्ब पडत होते, आणि त्यांतल्या एकाने मर्झचा त्याच्या राहत्या घरी बळी घेतला. पुढे टॉमलाही युद्धकामासाठी स्कॉटलंडला, फेअरलीच्या नौदल संशोधन केंद्रात जावं लागलं. पाणबुड्या शोधणाऱ्या यंत्रणेवर त्याने तिथे काही वर्षं काम केलं. फ्युएल सेल बासनात गेला.

१९४६ मध्ये तो केंब्रिजला परतला. इलेक्ट्रिकल रिसर्च असोसिएशनने थोडेफार पैसे दिले. विद्यापीठात त्याला जागाही अशीच मिळत गेली, आधी एका विभागात, मग दुसऱ्या, मग तिसऱ्या. खरं काम झालं ते या काळात, आणि आम्हाला सगळ्यात आवडतो तो हाच भाग, कारण इथे एका अडचणीचं उत्तर हीच पुढची अडचण होत जाते.

प्लॅटिनम महाग, म्हणून त्याने निकेल घेतलं. निकेल आम्लात टिकत नाही, म्हणून आम्लाऐवजी कॉस्टिक पोटॅश घेतलं. पण निकेल थंड असताना आळशी असतं. ते कामाला लागायचं तर २०० अंश सेल्सियसच्या आसपास तापवायला हवं. एवढ्या तापमानाला द्रावणातलं पाणी उकळून जाणार, म्हणून दाब हवा. आपल्या घरच्या कुकरात बाहेरच्या हवेच्या साधारण दुप्पट दाब असतो. टॉमच्या सेलमध्ये तो ४० पटींच्या आसपास होता!

पुढचा प्रश्न आणखी नाजूक. इलेक्ट्रोड सच्छिद्र हवा, म्हणजे वायू, द्रव आणि धातू एकाच ठिकाणी भेटतील. पण छिद्रांत द्रव जास्त शिरला तर इलेक्ट्रोड बुडतो, आणि वायू जास्त शिरला तर पलीकडे बुडबुडे निघतात. टॉमने एकाच इलेक्ट्रोडला दोन थर दिले, वायूच्या बाजूला मोठी छिद्रं आणि द्रवाच्या बाजूला बारीक. बारीक छिद्रांत द्रव केशाकर्षणाने घट्ट धरून राहतो, तर मोठ्या छिद्रांतून वायूचा किंचित जास्त दाब त्याला मागे रेटतो. सीमारेषा बरोबर दोन थरांच्या मधोमध राहते. कुठलंही फिरणारं यंत्र नाही, व्हॉल्व्ह नाही. असं डिझाइन आयुष्यात एकदा सुचलं तरी पुरे, असं आम्हाला वाटतं.

तरीही ऑक्सिजनच्या बाजूचं निकेल गंजत होतं, आणि तो गंज वीज वाहू देत नव्हता. यावर उपाय असा निघाला की निकेलला आपणच आधी लिथियम मिसळून ऑक्साइडचा थर द्यायचा. लिथियममुळे तो थर वीज वाहून नेतो आणि खालच्या धातूचं रक्षणही करतो.

१९५४ मध्ये सहा सेलची बॅटरी लंडनच्या एका प्रदर्शनात मांडली गेली. लोकांनी पाहिली आणि पुढे गेले. १९५५ मध्ये पैसेही थांबले. टॉम ५० वर्षांचा झाला होता, आणि हाती होतं ते कुणालाच नको असलेलं यंत्र.

त्यातून वाचवलं ते नॅशनल रिसर्च डेव्हलपमेंट कॉर्पोरेशन या सरकारी संस्थेने. तिच्या पैशावर केंब्रिजच्या मार्शल कंपनीत पुन्हा काम सुरू झालं, आणि ऑगस्ट १९५९ मध्ये ४० सेलची, सुमारे ५ किलोवॅटची बॅटरी सगळ्यांसमोर चालवून दाखवली गेली. तिच्यावर वेल्डिंग केलं, गोल करवत चालवली, फोर्कलिफ्ट हलवला. १९३२ च्या त्या लेखांनंतरचं हे सत्ताविसावं वर्ष.

ब्रिटनमध्ये तरीही गिऱ्हाईक मिळालं नाही. पेटंटचे हक्क घेतले अमेरिकेच्या प्रॅट अँड व्हिटनीने आणि १९६२ मध्ये अपोलोचं कंत्राट मिळवलं. तिथल्या इंजिनीअरांनी मूळ रचनेत मोठे बदल केले. दाब खूप उतरवला आणि पोटॅशचं द्रावण बरंच दाट केलं. प्रत्येक यानात सुमारे ११० किलोचे तीन संच, प्रत्येकात ३१ सेल. शिवाय तयार होणारं पाणी अंतराळवीर पीत. त्यात हायड्रोजनचे बुडबुडे राहत आणि पोटात वायू धरत असे. ही तक्रार चंद्रावर जाऊन आलेल्यांनीही केलेली आहे! एप्रिल १९७० मध्ये अपोलो १३ वर ऑक्सिजनची टाकी फुटली तेव्हा हेच सेल बंद पडले, पण दोष सेलचा नव्हता, त्यांना ऑक्सिजनच उरला नव्हता. पुढे स्पेस शटलही २०११ च्या शेवटच्या उड्डाणापर्यंत अल्कलाइन फ्युएल सेलवरच चाललं.

ऑक्टोबर १९६९ मध्ये अपोलो ११ चे तिघे लंडनला आले, तेव्हा पंतप्रधान विल्सन यांच्याकडे १० डाउनिंग स्ट्रीटवर बेकन पतिपत्नीलाही बोलावणं होतं. आर्मस्ट्राँगने टॉमला सही केलेला फोटो भेट दिला. ओबीई १९६७ मध्येच मिळाली होती. रॉयल सोसायटीची फेलोशिप मिळाली ती १९७३ मध्ये, ६८ व्या वर्षी.

मग रस्त्यावर हा सेल का आला नाही? कारण साधं आहे. कॉस्टिक पोटॅशला हवेतला कार्बन डायऑक्साइड चालत नाही, त्याचा कार्बोनेट होऊन बसतो. अंतराळात शुद्ध ऑक्सिजन सोबतच न्यावा लागतो, त्यामुळे तिथे प्रश्न येत नाही, पण गाडीला तर रस्त्यावरची हवाच घ्यावी लागते. म्हणून गाड्यांसाठी पातळ पडद्याचा, वेगळ्या जातीचा सेल पुढे आला. ऑगस्ट २०२२ मध्ये आपल्या पुण्यात केपीआयटी आणि सीएसआयआर यांनी जी हायड्रोजनवरची बस दाखवली ती या दुसऱ्या घराण्यातली. बेकनच्या घराण्यातली नव्हे.

टॉमला स्वतःला चंद्रापेक्षा १९३२ ची ती पहिली कल्पनाच जवळची होती. उरलेली वीज साठवायची आणि लागेल तेव्हा परत काढायची. वारा आणि सूर्य यांच्या विजेला अशी जोड लागेल, हे तो उतारवयातही सांगत राहिला. १९९१ मध्ये पहिलं ग्रोव्ह पदक त्यालाच मिळालं. २४ मे १९९२ रोजी केंब्रिजजवळच्या लिटल शेल्फर्डमध्ये, राहत्या घरी, तो वारला. त्यानंतर २५ वर्षांनी, २०१७ मध्ये, स्कॉटलंडच्या ऑर्कनी बेटांवर, ईडे बेटावरच्या जादा विजेतून हायड्रोजन काढून तो बोटीने कर्कवॉलच्या बंदरात आणला गेला आणि तिथल्या फ्युएल सेलमधून पुन्हा वीज काढली गेली.