कै. बाबूराव पेंटर

आमच्या कासारवाडीतील पुष्कळ विद्यार्थ्यांचे वडील किंवा आजोबा गावची शेती सोडून पिंपरी-चिंचवडच्या कारखान्यांत पोटासाठी आले. जमीन सोडून शहर गाठणाऱ्या शेतकऱ्याचे दुःख १९२५ सालीच पडद्यावर मांडणाऱ्या एका थोर कलावंताचा परिचय आम्ही येथे करून देत आहो.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री ह्यांचा जन्म कोल्हापुरास ३ जून १८९० रोजी झाला. घरी सुतारकाम व कोरीवकाम चाले. शाळेतील शिक्षण बेताचेच झाले. परंतु हातात कसब व अंगी चिकाटी होती. नात्याने बंधू असलेल्या आनंदरावांसह ते नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. त्यावरून त्यांस 'पेंटर' हे नाव पडले. दादासाहेब फाळके ह्यांचा 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) पाहून दोघांनी चित्रपट काढण्याचा निश्चय केला. १९१६ साली आनंदराव वारले. तरीही बाबूरावांनी धीर न सोडता स्वतःच कॅमेरा तयार केला, महाराष्ट्र फिल्म कंपनी स्थापिली आणि १९२० साली 'सैरंध्री' हा चित्रपट लोकांपुढे आणिला.

त्या काळी बहुतेक चित्रपट देवादिकांच्या कथांवर निघत, व त्यांत पैसाही मिळे. इकडे शेतकरी मात्र कर्जात बुडालेला होता. आपल्याच पुणे जिल्ह्यातील सुपे येथे १८७५ साली शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे व वह्या जाळल्या होत्या. पुढे १८७९ साली कायदा झाला. पण हा फास सुटला नव्हता.

हेच दुःख बाबूरावांनी 'सावकारी पाश' ह्या मूकपटाचा विषय केले. कथा नारायण हरी आपटे ह्यांची होती. त्यातील तरुण शेतकऱ्याची जमीन सावकार गिळतो, आणि तो बिचारा शहरात जाऊन गिरणीत मजूर होतो. ही भूमिका व्ही. शांताराम ह्यांनी केली. भकास झोपडी व रडणारे कुत्रे, एवढ्यावरच घरावरील अवकळा प्रेक्षकांस कळे. पौराणिक चित्रपटांइतका लोकाश्रय ह्या चित्रपटास लाभला नाही; तथापि आज जाणकार त्यासच बाबूरावांचे श्रेष्ठ कार्य मानितात. १९३६ साली तो बोलपट होऊन पुन्हा आला.

शांताराम, दामले, फत्तेलाल हे त्यांचेच सहकारी. १९२९ साली ते वेगळे झाले व त्यांनी 'प्रभात' काढिली. १६ जानेवारी १९५४ रोजी बाबूराव निवर्तले.

विद्यार्थिमित्रहो, शेजाऱ्याचे दुःख खरेपणाने दाखविण्यास धैर्य लागते, कारण त्याचे मोल लगेच पदरी पडत नाही. बाबूरावांनी ते धैर्य दाखविले. आपले घर ह्या गावी कसे आले, हे आज रात्री वडीलधाऱ्यांस अवश्य विचारा. आणि पालकहो, ती हकीकत मुलांस काही न लपविता सांगा, एवढीच आमची विनंती आहे.