वर्गणीतून सिनेमा काढणारा माणूस

गणपती, सप्ताह, देवळाचा कळस यांसाठी आमच्या गावात वर्गणी निघते. सिनेमासाठीही ती काढता येते, हे मला जॉन अब्राहम यांच्या चरित्राने शिकविले. हे हिंदीतले नट नव्हेत. हे केरळचे दिग्दर्शक.

1937 साली जन्मलेले जॉन आयुर्विम्याची नोकरी सोडून पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आले. तेथे ऋत्विक घटकांसारखे गुरू त्यांना लाभले. 1977 साली त्यांनी 'अग्रहारत्तिल कळुदै' हा तमिळ चित्रपट काढला. ब्राह्मणवस्तीत एक प्राध्यापक गाढवाचे पिल्लू पाळतो, एवढ्यावरून रूढींचे सारे ढोंग उघडे पडते. या चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पुढे मित्रांसह त्यांनी 'ओडेसा' ही मंडळी उभारली. गावोगाव चॅप्लिनचा 'द किड' दाखवायचा आणि लोकांपुढे झोळी पसरायची! त्या पैशांतून 1986 साली 'अम्मा अरियान' तयार झाला. एका मृत तरुणाच्या आईला ती बातमी सांगायला निघालेल्यांची ही कथा. तो चित्रपटही गावोगावच दाखविला गेला. 31 मे 1987 रोजी कोळिकोडला इमारतीवरून पडून जॉन गेले. मागे राहिले अवघे चार कथापट.

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारी मी पहिलीच. कला हे पैसेवाल्यांचे काम, असे घरी मानतात. पैसा लागतोच, हे खरे. पण तो एका सावकाराकडून घेतला, तर त्याचे ऐकावे लागते. हजारोंकडून घेतला, तर हजारोंना उत्तर द्यावे लागते. जॉन यांनी हा दुसरा, अवघड मार्ग धरला. म्हणूनच ते मला मोठे वाटतात.