वारशाचे अमानतदार : शादी अब्दुस्सलाम

इजिप्त म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर फिरऔन उभा राहतो. त्याच्या गर्वाचा शेवट कसा झाला, हे पवित्र कुरआनात आपण वाचतो. मग त्या प्राचीन काळाच्या अवशेषांशी आजच्या मुसलमानाचे नाते कोणते, हा प्रश्न स्वाभाविक आहे. या प्रश्नाचे उत्तर शोधण्यात शादी अब्दुस्सलाम यांनी आपले आयुष्य वेचले.

त्यांचा जन्म १५ मार्च १९३० रोजी अलेक्झांड्रिया येथे झाला. १९५५ साली कैरो येथे त्यांनी वास्तुशास्त्राचे शिक्षण पूर्ण केले; परंतु ओढ होती चित्रपटाची. दिग्दर्शक सलाह अबू सैफ यांच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली आणि पुढे ऐतिहासिक चित्रपटांच्या नेपथ्यात व वेशभूषेत नाव मिळवले.

१८८१ साली नाईलच्या पश्चिम तीरावर एक अद्भुत शोध लागला होता. कुर्ना गावातील एका घराण्याला डोंगरातील गुप्त कबर सापडली होती आणि त्यातील वस्तू ते गुपचूप विकत असत. अखेर घरातूनच बातमी फुटली व चाळीसहून अधिक ममी कैरोला सुरक्षित पोहोचल्या. याच घटनेवर शादींनी ‘अल्-मूमिया’ची कथा रचली. इटलीचे दिग्दर्शक रोझेलिनी यांनी ती वाचून सरकारदरबारी शब्द टाकला आणि १९६९ साली चित्रपट पूर्ण झाला. त्याचा तरुण नायक वनीस याला कळते की आपल्या घरची चूल पूर्वजांच्या कबरींवर पेटते आहे. एकीकडे कुळाची भाकरी, दुसरीकडे अमानत. तो अमानतीची बाजू घेतो.

शादींना केवळ राजांचे वैभव दाखवायचे नव्हते. १९७० च्या एका लघुपटात त्यांनी सुमारे चार हजार वर्षांपूर्वीची कथा घेतली. त्यात लुबाडलेला एक गरीब शेतकरी नऊ वेळा दाद मागतो आणि शेवटी न्याय मिळवतो. पुढे तुतनखामेनची सुवर्णखुर्ची, पिरॅमिड आणि रामसेस यांवर त्यांनी माहितीपट काढले. हे करताना आपल्या देशातील मुलांना आपला इतिहास कळावा, ही त्यांची तळमळ होती.

राजा अखनातेनवरील चित्रपटासाठी त्यांनी दहा वर्षांहून अधिक काळ संहिता लिहिली, प्रत्येक पोशाखाचे व दालनाचे चित्र स्वहस्ते काढले. परंतु आवश्यक तेवढा पैसा उभा राहिला नाही. ८ ऑक्टोबर १९८६ रोजी, वयाच्या ५६ व्या वर्षी ते अल्लाहला प्यारे झाले. चित्रपट झाला नाही, पण मेहनत वाया गेली नाही. त्यांची चित्रे आज अलेक्झांड्रियाच्या ग्रंथालयात कायमची मांडलेली आहेत, आणि ‘अल्-मूमिया’ची दुरुस्त केलेली प्रत २००९ साली कान महोत्सवात दाखवली गेली.

विद्यार्थी मित्रांनो, पूर्वजांची श्रद्धा आपली नसेल. पण त्यांचे कष्ट, कला आणि चुका यांचा हिशेब आपल्याकडेच सोपवलेला आहे. आपल्या गावची पडकी कमान किंवा आजोबांच्या पेटीतले जीर्ण कागद रद्दीत जाण्यापूर्वी एकदा वाचून पाहा. अमानत जपण्याची सुरुवात तेथूनच होते.